चाल सगळ्यांच्या ओठांवर, नाव कुणालाच माहीत नाही: हॅरी वॉरन

तारसप्तक

'अ‍ॅट लास्ट' हे गाणं एटा जेम्सच्या आवाजात मी किती वर्षं ऐकत आलोय. ते तिचंच, तिच्यासाठीच झालेलं, अशी माझी पक्की समजूत होती. मागच्या आठवड्यात १९४२ चा 'ऑर्केस्ट्रा वाइव्ह्ज' बघायला घेतला आणि ग्लेन मिलरच्या वाद्यवृंदाने मध्येच तीच चाल धरली. उठूनच बसलो. एटा जेम्सच्या आधी अठरा वर्षं! मग चित्रपट थांबवून संगीत कुणाचं ते शोधलं: हॅरी वॉरन. शब्द मॅक गॉर्डनचे.

नाव ओळखीचं वाटेना. मग त्याची बाकीची गाणी बघत गेलो. 'आय ओन्ली हॅव आइज फॉर यू'. 'देअर विल नेव्हर बी अनदर यू'. 'ललबाय ऑफ ब्रॉडवे'. 'चॅटानूगा चू चू'. 'जीपर्स क्रीपर्स'. 'दॅट्स अमोरे'. यातलं एकही गाणं मला नवीन नव्हतं आणि ही सगळी एकाच माणसाची आहेत हे मला कुणीही कधी सांगितलं नव्हतं. गर्श्विन, कोल पोर्टर, अर्व्हिंग बर्लिन ही नावं इंग्रजी गाणी अधूनमधून ऐकणाऱ्यालाही ठाऊक असतात. वॉरन का नाही? चार दिवस याच एका प्रश्नाने डोकं व्यापलंय, म्हणून धागा काढतोय.

थोडी ओळख करून देतो. मूळ नाव साल्व्हातोरे अँतोनिओ ग्वाराञ्ञा. जन्म २४ डिसेंबर १८९३, न्यूयॉर्कमधलं ब्रुकलिन. आईवडील इटलीतल्या कालाब्रियाहून आलेले, वडील बूट शिवायचे. घरात पोरांचं लेंढार, शिकवणीला पैसे कुठले? वडिलांचा अ‍ॅकॉर्डियन पडलेला असायचा, तोच हाती घेऊन हा आपला आपण शिकला. चर्चच्या गायकवृंदात गायला, शाळा सोडून बँडमध्ये ड्रम वाजवत फिरला. नंतर ब्रुकलिनच्याच व्हिटाग्राफ स्टुडिओत पडेल ते काम केलं. चित्रपट तेव्हा मूक होते, पण नटाला रडायचं असलं की कॅमेऱ्यामागे कुणीतरी करुण काहीतरी वाजवत बसे. ते वाजवणंही त्याच्याकडे आलं. पहिलं महायुद्ध झालं तेव्हा नौदलात होता, गाणी करायचा नाद तिथे लागला. परत आल्यावर संगीत प्रकाशकांकडे नोकरी. प्रकाशकाची नवी गाणी गायकांना, वाद्यवृंदांना वाजवून दाखवायची आणि त्यांच्या गळी उतरवायची. त्याचं स्वतःचं पहिलं गाणं छापलं गेलं १९२२ साली, म्हणजे वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी.

हॉलीवूडला गेला तो चाळिशीच्या उंबरठ्यावर, १९३२ मध्ये. वॉर्नर ब्रदर्सच्या 'फॉर्टी-सेकंड स्ट्रीट'साठी. जोडीला शब्द लिहायला अल डबिन. चित्रपट मार्च १९३३ मध्ये आला. त्याच महिन्यात नवे राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी देशातल्या सगळ्या बँका काही दिवस बंद ठेवल्या होत्या. अशा दिवसांतही चित्रपट तुफान चालला. मग वॉर्नरने या जोडीला जुंपलंच. त्याच वर्षात 'गोल्ड डिगर्स ऑफ १९३३' आणि 'फुटलाइट परेड', पुढच्या वर्षी 'डेम्स', त्याच्या पुढच्या वर्षी 'गोल्ड डिगर्स ऑफ १९३५'. पुढे ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्स, मग एमजीएम, मग पॅरामाउंट. ऑस्करसाठी अकरा वेळा नामांकन आणि तीनदा विजय: १९३५, १९४३ आणि १९४६ च्या गाण्यांना.

माझ्या प्रश्नाचं मला सापडलेलं उत्तर असं. बर्लिन, पोर्टर, रिचर्ड रॉजर्स ही माणसं ब्रॉडवेची, म्हणजे न्यूयॉर्कच्या संगीत रंगभूमीची. नाटकाच्या पाटीवर त्यांची नावं ठळक असत. ती हॉलीवूडला येत, एखाद-दुसरा चित्रपट करत आणि न्यूयॉर्कला परतत. वॉरन मात्र आला तो पडद्याचाच होऊन राहिला. तिथे गाणं स्टुडिओच्या मालकीचं. लोक बघायला जायचे जिंजर रॉजर्सला, ऐकायला जायचे डिक पॉवेलला. चाल कुणाची, हे विचारायचं कुणाला सुचणार?

तुम्हाला काय वाटतं?

जुनीवही

वाचतेय. 'जीपर्स क्रीपर्स'बद्दल एक गंमत. १९३८ च्या 'गोइंग प्लेसेस'मध्ये लुई आर्मस्ट्राँग हे गाणं एका घोड्याला उद्देशून गातो. घोड्याचं नावच जीपर्स क्रीपर्स. बुजरं, तापट जनावर, आणि हे गाणं कानावर पडलं तरच शांत होणारं. ते गाणं आज प्रेमगीत म्हणून गायलं जातं!

निळीशाई

धागा आवडला, पण एक आधी स्पष्ट करू या का? मराठीत 'गीतकार' म्हणजे शब्द लिहिणारा. इंग्रजीतला 'साँगरायटर' दोन्ही असू शकतो. वॉरन चालीवाला. त्यामुळे या धाग्यावर 'वॉरनचं गाणं' म्हणताना दुसऱ्या माणसावर दरवेळी थोडा अन्याय होतोय. तारसप्तक, तुम्ही वॉरन विस्मरणात गेला म्हणून हळहळताय आणि डबिनला एका ओळीत उरकताय!

अल डबिनचा जन्म १८९१ चा, झुरिकमधला. आडव्या अंगाचा, खाण्यापिण्याचा शौकीन, दारूत आणि पुढे अमली पदार्थांत बुडालेला माणूस. १९४५ मध्ये न्यूयॉर्कला गेला तेव्हा त्रेपन्न वर्षांचा होता. मंदीच्या काळातलं अमेरिकन शहर गाण्यात कुणी आणलं असेल तर त्याने, असं माझं ठाम मत आहे.

'गोल्ड डिगर्स ऑफ १९३३' ची सुरुवात आठवा. 'वुई आर इन द मनी' हे पैसाच पैसा झाला असं सांगणारं गाणं, जिंजर रॉजर्स आणि मागच्या मुली नाण्यांनी मढलेल्या. गाणं रंगात येतं आणि देणेकऱ्यांची माणसं थिएटरात घुसून सामान उचलायला लागतात. तालीम बंद, मुली बेकार. गाण्यातली श्रीमंती गाणं संपायच्या आतच जप्त होते.

आणि त्याच चित्रपटाचा शेवट. 'रिमेंबर माय फरगॉटन मॅन'. दिव्याच्या खांबाखाली जोन ब्लाँडेल उभी आहे, ती आधी शब्द नुसते बोलते, गात नाही. रस्त्यावर झोपलेल्या एका माणसाला पोलीस हाकलायला येतो. ती पुढे होते, त्या माणसाच्या कोटाची कड उलटून दाखवते. आत लष्करी पदक. पोलीस निघून जातो. मग वरच्या खिडकीतून एटा मोटेन गायला लागते आणि तिच्या आवाजावर युद्धावर निघालेले सैनिक, परतणारे जखमी, आणि शेवटी फुकटच्या पावासाठी रांगेत उभे असलेले तेच पुरुष. १९३२ च्या उन्हाळ्यात पहिल्या महायुद्धातले हजारो माजी सैनिक कबूल केलेला बोनस मागायला वॉशिंग्टनला आले होते आणि सैन्य घालून त्यांना तिथून हुसकावलं होतं. वर्षही झालं नव्हतं. हसऱ्या, नाचऱ्या चित्रपटाचा शेवट या गाण्यावर करायची छाती त्या लोकांना झाली. आजही ते गाणं बघताना माझ्या अंगावर काटा येतो.

एटा मोटेनचं नाव त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत नाही. विस्मरणाचा विषय निघालाच आहे म्हणून सांगितलं. पुढच्या वर्षी, १९३४ मध्ये, ती व्हाइट हाउसमध्ये गायली.

तारसप्तक

निळीशाई, मान्य. डबिनला एका ओळीत उरकलं ही माझी चूक.

चित्रखिडकी

मी जरा वेगळा सूर लावतो, राग मानू नका.

तुम्ही वर्णन करताय ती सगळी दृश्यं आहेत. खांब, पदक, नाणी. म्हणजे जे लक्षात राहतं ते नृत्यदिग्दर्शक बझ्बी बर्कलीचं. 'आय ओन्ली हॅव आइज फॉर यू' घ्या. डिक पॉवेल भुयारी रेल्वेत बसलाय आणि डब्यातल्या प्रत्येक जाहिरातीत त्याला रुबी कीलरचाच चेहरा दिसतो. पुढे डझनांनी मुली, सगळ्यांच्या तोंडावर रुबी कीलरचे मुखवटे. ही कल्पना बर्कलीची. चाल गोड आहे, पण त्या काळी गोड चाली करणारे बरेच होते. वॉरनचं नाव राहिलं नाही कारण त्या चित्रपटांचा खरा कर्ता तो नव्हता, असं का म्हणू नये?

पियानोपाठ

चित्रखिडकी, इथे मी हाताला धरून थांबवणार तुम्हाला.

मी पियानो शिकवते. त्या काळचं गाणं म्हणजे बहुतेक ३२ बारचं (बार म्हणजे ठरावीक मात्रांचा एक खंड). नेहमीच्या लयीत वाजवलं तर मिनिट-सव्वा मिनिटात संपतं. बर्कलीचे नाच आठ-आठ, दहा-दहा मिनिटं चालतात, 'ललबाय ऑफ ब्रॉडवे' तर त्याहूनही लांब. म्हणजे तीच चाल पुन्हा पुन्हा येणार: संथ, मग जलद, मग नुसत्या टॅपच्या ठोक्यांवर, मग पूर्ण वाद्यवृंदात. गोड चाली पुष्कळ असतात हो, पण चौथ्या फेरीला त्या मिळमिळीत होतात. वॉरनची चाल दहाव्यांदा आली तरी पाय हलवते. हे कसं होतं? तो एक छोटासा लयीचा तुकडा घेतो आणि तोच पुढे ढकलत नेतो. 'ललबाय'चं सुरुवातीचं अंग हाताने टेबलावर नुसतं बडवून बघा, सूर न लावता. गाणं ओळखू येतं! ड्रम वाजवत फिरलेल्या माणसाची चाल आहे ती.

आता उलट टोक. 'देअर विल नेव्हर बी अनदर यू'. हे १९४२ च्या 'आइसलँड' नावाच्या बर्फावरच्या नाचाच्या चित्रपटातलं. चित्रपट आज कुणी बघत नाही. गाणं मात्र जॅझ शिकणाऱ्या प्रत्येक मुलाच्या हातून जातं. चाल खालून निघते आणि पायरी पायरीने वर चढते, सरळ, काही अवघड नाही. माझे विद्यार्थी दहा मिनिटांत वाजवतात. पण खालचे स्वरमेळ असे सरकत जातात की दर दोन बारला चाल नव्या उजेडात दिसते. चेट बेकरने १९५४ मध्ये ते गायलं, त्यात ना बर्कली आहे ना मुखवटे. गाणं उभं आहे.

चित्रखिडकी

बडवून बघितलं. ओळखू आलं. 😊

पण मग आणखी एक विचारतो. तेच गाणं संथ-जलद करून दहा मिनिटं फुलवणं हे काम वॉरनने स्वतः केलं का? तो तर चाल आणि स्वरमेळ देऊन मोकळा होत असणार.

पियानोपाठ

रास्त प्रश्न आहे. वॉर्नरमध्ये वाद्यमेळ रचणारी वेगळी माणसं होती, त्यांतलं मोठं नाव रे हाइन्डॉर्फ. आणि एमजीएममध्ये तर त्याहून गुंतागुंत. 'द हार्व्ही गर्ल्स'मधलं रेल्वेचं गाणं (अ‍ॅचिसन, टोपीका वगैरे लांबलचक नावाचं, १९४६ चं ऑस्कर याचंच) वॉरन आणि जॉनी मर्सरचं. पण पडद्यावर गाडी येते, प्रवासी उतरतात, हॉटेलात वाढपाचं काम करायला आलेल्या मुली एकेक करून आपली कहाणी सांगतात, तो मधला मोठा विस्तार के थॉम्पसन आणि राल्फ ब्लेन यांनी घातलेला. तेव्हा न सांगितलेल्या श्रेयाची यादी काढायची तर वॉरनच्या खालीही माणसं आहेत.

जुनीवही

रेल्वेचा विषय निघालाय तर 'चॅटानूगा चू चू' राहून कसं चालेल! 'सन व्हॅली सेरेनेड', १९४१. शब्द मॅक गॉर्डन. आधी ग्लेन मिलरचा वाद्यवृंद सरावाला बसलेला, टेक्स बेनेकी आणि मॉडर्नेअर्स गातात. ते संपलं असं वाटतं तोच कॅमेरा सरकतो आणि आगगाडीच्या डब्याच्या मागच्या टोकाशी डोरोथी डँड्रिज आणि निकोलस बंधू. पुढची दोन-अडीच मिनिटं मी शंभर वेळा तरी बघितली असतील. दोघे भाऊ उडी मारून पाय फाकवून जमिनीवर येतात आणि हात न टेकता उठतात, तेही तालाची एक मात्रा न चुकवता.

या तबकडीच्या बारा लाख प्रती खपल्या म्हणून फेब्रुवारी १९४२ मध्ये कंपनीने मिलरला तबकडीवर सोनेरी मुलामा देऊन भेट दिली. 'गोल्ड रेकॉर्ड'ची प्रथा तिथून पडली. तबकडी मिळाली ती मिलरला, हे लक्षात घ्या.

निळीशाई

१९४३ च्या ऑस्करची गोष्टही अशीच आहे. 'यू'ल नेव्हर नो', चित्रपट 'हॅलो, फ्रिस्को, हॅलो'. पडद्यावर अ‍ॅलिस फे गाते. युद्धाचा काळ, घराघरांतला माणूस समुद्रापार गेलेला, आणि गाणं विरहाचं. पण अ‍ॅलिस फेची तबकडी तेव्हा निघालीच नाही. शिवाय ऑगस्ट १९४२ पासून वादकांच्या संघटनेचा ध्वनिमुद्रणावर बहिष्कार होता, एकही वादक स्टुडिओत वाजवायला तयार नाही. मग डिक हेम्सने वाद्यांशिवाय ते गायलं, मागे नुसते गळे. व्हायोलिनच्या जागी माणसं हुंकार भरतायत. ती तबकडी दहा लाखांवर खपली.

एखादी चाल सगळी वाद्यं काढून घेतल्यावरही चालते का, याची इतकी कडक परीक्षा क्वचितच कुणाची झाली असेल.

दूरचादिवा

मी गाण्यातला जाणकार नाही, पण लहानपणी बग्ज बनी, डॅफी डक बघताना मागे वाजणाऱ्या चाली डोक्यात बसल्यात. हा धागा वाचून 'वुई आर इन द मनी' पहिल्यांदा लावलं आणि चाट पडलो, ही तर पैशाची थैली दिसली की वाजणारी ती चाल! ती कशी काय तिथे गेली?

तारसप्तक

दूरचादिवा, याचं उत्तर मालकीत आहे. बोलपट आल्यावर गाण्यांची निकड निर्माण झाली, तेव्हा वॉर्नरने १९२९ मध्ये विटमार्क, हार्म्स आणि रेमिक या संगीत प्रकाशन संस्थाच विकत घेतल्या. मग जी गाणी त्यांच्याकडे होती ती त्यांच्याच कार्टूनमध्ये हवी तशी वापरता यायची. कार्टूनचा संगीतकार कार्ल स्टॉलिंग याला ती सवयच होती, पडद्यावर जे घडतंय त्याच्या नावाचं गाणं उचलायचं आणि चार सेकंद वाजवायचं. पैसा दिसला, लावा पैशाचं गाणं. त्यामुळे जगभरच्या मुलांना वॉरनच्या चाली पाठ झाल्या. शब्दही नाहीत, गायकही नाही, नाव तर नाहीच. मला वाटतं, इतक्या कानांपर्यंत पोचलेला दुसरा संगीतकार त्या पिढीत सापडणं कठीण.

चित्रखिडकी

हे पटलं. शब्द मागे घेतो, निदान अर्धे.

'दॅट्स अमोरे'बद्दल कुणी काहीच बोललं नाही? १९५३, 'द कॅडी', शब्द जॅक ब्रुक्सचे, डीन मार्टिनने अजरामर केलं. तेही ऑस्करला नामांकित होतं. १९८७ च्या 'मूनस्ट्रक'ची सुरुवात त्याने होते, आणि नव्या पिढीला ते तिथूनच ठाऊक आहे. इटालियन बापाच्या पोराने साठीला टेकल्यावर इटालियन रस्त्यावरचं वाटावं असं गाणं केलं. लोकांना ते नेपल्सचं लोकगीत वाटतं.

पियानोपाठ

त्याला अपयशंही आली हो. एमजीएमचा 'समर हॉलिडे' १९४६ मध्ये चित्रित झाला आणि १९४८ पर्यंत डब्यात पडून राहिला, आल्यावर आपटला. १९५६ मध्ये 'शांग्री-ला' नावाचं संगीतक घेऊन ब्रॉडवेवर गेला, जिथे जायचं मनात असणारच. एकवीस प्रयोगांत गाशा गुंडाळावा लागला. त्या वेळी तो बासष्ट वर्षांचा होता.

तारसप्तक

आणि ब्रॉडवे शेवटी त्याच्याकडे आला तो त्याच्याच जुन्या पडद्यावरून. 'फॉर्टी-सेकंड स्ट्रीट'चं नाटक झालं, २५ ऑगस्ट १९८०. गाणी तीच, ४७ वर्षांपूर्वीची, त्यात इतर चित्रपटांतलीही घातलेली. पहिला प्रयोग संपला, टाळ्या थांबेनात, आणि निर्माता डेव्हिड मेरिकने रंगमंचावर येऊन सांगितलं की दिग्दर्शक गोवर चँपियन त्याच दिवशी वारला. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत तीच बातमी. नाटक पुढे साडेतीन हजारांच्या आसपास प्रयोग चाललं.

वॉरन गेला २२ सप्टेंबर १९८१ ला, लॉस एंजेलिसमध्ये. वय ८७. त्याच्या थडग्यावरच्या पाटीवर 'यू'ल नेव्हर नो'चे सुरुवातीचे सूर स्वरलिपीत कोरलेले आहेत.

जुनीवही

अरे देवा. त्या गाण्याच्या नावाचा अर्थच 'तुला कधी कळणार नाही'.

निळीशाई

काल रात्री हा धागा वाचून झोप येईना म्हणून १९४९ चा 'द बार्कलीज ऑफ ब्रॉडवे' लावला. नर्तक-नट फ्रेड अस्टेअर आणि जिंजर रॉजर्स दहा वर्षांनी पुन्हा एकत्र, तो. संगीत वॉरनचं, शब्द आयरा गर्श्विनचे. त्यातलं 'शूज विथ विंग्ज ऑन' बघताना मला तारसप्तक यांच्या पहिल्या पोस्टमधली एक ओळ आठवली आणि मी मागे नेऊन पुन्हा पुन्हा बघितलं.

अस्टेअर यात मोची झालाय. चामड्याचा एप्रन, फळ्यांवर दुरुस्तीला आलेले जोड. एक नर्तक आपले पांढरे बूट टाकून जातो. दुकानात कुणी नाही. बूट आपोआप हलतात, टॅप करतात. हा घाबरतो, मग ते पायात घालतो आणि नाचायला लागतो. मग फळीवरून दुसरा जोड उतरतो, तिसरा, चौथा. पाय कुणाचेच नाहीत, नुसते बूट, आणि सगळे वॉरनच्या चालीवर बरोबर तालात. शेवटी त्यांची संख्या इतकी होते की अस्टेअर पिस्तूल काढून त्यांना आडवे करत सुटतो, आणि वरून आणखी बूट त्याच्या अंगावर कोसळतात.

तारसप्तक, त्याचे वडील बूट शिवायचे असं तुम्ही लिहिलंय ना?

तारसप्तक

हो. ब्रुकलिनमध्ये. मी हा चित्रपट बघितलेला नाही, आज रात्री लावतो.